चालक दंडाचा सांधा

चालक दंडाचा सांधा : मोटारगाडीच्या एंजिनाची शक्ती चाकांपर्यंत नेणाऱ्या फिरत्या दंडास चालक दंड म्हणतात. हा दंड फिरत असतानाच त्याचा कोन बदलू देणारा, त्याच्या टोकाशी असलेला जोड म्हणजे चालक दंडाचा सांधा होय. एंजिन व दंतचक्र पेटी (वेगबदलाची दातेरी चाके असलेली पेटी) गाडीच्या सांगाड्यावर बसविलेली असतात. चाके मात्र स्प्रिंगांवर वरखाली होत असतात आणि पुढील चाके त्याशिवाय डावी-उजवीकडेही वळतात. त्यामुळे शक्ती देणारा व शक्ती घेणारा भाग एका सरळ रेषेत राहू शकत नाहीत. साखळी कोणत्याही दिशेस वळते, पण तिच्यातून पीळ पोहोचत नाही. सळईतून पीळ पोहोचतो, पण ती वळत नाही. ही दोन्ही कामे एकाच वेळी करणारा भाग म्हणून या सांध्याचे महत्त्व आहे. योग्य वंगण मिळत राहिल्यास तो दीर्घकाळ टिकतो. तो अकाली निकामी होतो तेव्हा धातूचा कमकुवतपणा हे कारण क्वचितच असते. बहुधा त्यावरील रबरी आवरण फाटून आतील वंगण निघून गेलेले असते.

इतिहास : परस्परांशी काटकोनात असलेल्या दोन आसांवर वस्तू तोलून धरण्याच्या युक्तीचे वर्णन इटालियन गणितज्ञ जेरोलामो कार्दानो (१५०१–७६) यांनी केले होते, त्यांच्या नावावरून या सांध्यास कार्दान सांधा म्हणतात. फिरणारी गती कोनातून पुढे नेण्यासाठी या युक्तीचा उपयोग इंग्रज शास्त्रज्ञ रॉबर्ट हुक (१६३५–१७०३) यांनी सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात दाखविला. त्यामुळे तो हुक सांधा या नावानेही ओळखला जातो. आरंभीच्या पुष्कळ मोटारगाड्यांत शक्ती साखळीने मागील चाकांकडे नेत असत. अमेरिकन अभियंता क्लॅरेन्स स्पायसर यांनी १९०३ मध्ये अशा सांध्याचे पेटंट मिळविल्यावर साखळीची जागा हळूहळू चालक दंडाने घेतली.

पुढील चाके चालविण्याचा प्रश्न अधिक अवघड होता, कारण तेथे सांध्याला मोठ्या कोनातून काम करावे लागते. फ्रान्समध्ये १९२६ च्या सुमारास झां-आल्बेर ग्रेग्वार व प्येर फेनाय यांनी ट्रॅक्टा नावाचा सांधा प्रचारात आणला. त्याच दशकात आल्फ्रेड झेपा यांनी गोळ्यांच्या साहाय्याने चालणारा समवेग सांधा शोधून काढला. ब्रिटनमध्ये १९५९ साली निघालेल्या मिनी या छोट्या गाडीत या जातीचे सांधे वापरले गेले व त्यानंतर पुढील चाके चालविणाऱ्या लहान गाड्यांचा प्रसार झाला.

भारतात मुंबईतील कुर्ला येथे तयार होणारी प्रीमियर पद्मिनी, उत्तरपाड्याची ॲम्बॅसडर आणि स्वातंत्र्योत्तर काळात मुंबईत जुळणी होऊ लागलेली जीप या गाड्यांची मागील चाके लांब चालक दंडाने फिरत. जीपमध्ये गरजेप्रमाणे पुढील चाकांनाही शक्ती देता येई. डिसेंबर १९८३ मध्ये गुरगाव येथे मारुती ८०० चे उत्पादन सुरू झाले आणि पुढील चाके चालविणारी गाडी सर्वसामान्य कुटुंबापर्यंत पोहोचली. पुण्यात तयार झालेली टाटा इंडिका (१९९८) ही याच रचनेची होती. परिणामी गावोगावच्या कारागिरांना ‘क्रॉस’ बदलण्याच्या जोडीने ‘सीव्ही जॉइंट’ बदलण्याचे तंत्रही आत्मसात करावे लागले.

प्रकार व रचना : चालक दंडाच्या सांध्यांचे सार्वत्रिक सांधा व समवेग सांधा असे दोन मुख्य प्रकार आहेत.

सार्वत्रिक सांध्यात दोन दुशाखी काटे एका क्रूसाकृती तुकड्याने जोडलेले असतात. क्रूसाच्या चार टोकांवर चार टोप्या असतात व प्रत्येक टोपीत सुईसारख्या बारीक रुळांचा धारवा असतो [⟶ धारवा]. या सांध्यात एक मूलभूत उणीव आहे. दोन दंडांत कोन असल्यास, पहिला दंड एकसारख्या वेगाने फिरत असूनही दुसऱ्याचा वेग प्रत्येक फेऱ्यात दोनदा वाढतो व दोनदा कमी होतो. १०° कोनात हा फरक सुमारे दीड टक्का वर व तितकाच खाली असतो. ३०° कोनात मात्र पहिला दंड मिनिटाला १,००० फेरे करीत असल्यास दुसऱ्याचा क्षणिक वेग ८६६ ते १,१५५ फेऱ्यांच्या दरम्यान हेलकावतो. यावर उपाय म्हणून चालक दंडाच्या दोन्ही टोकांना एकेक सांधा बसवितात. दंडाच्या दोन्ही टोकांचे काटे एकाच प्रतलात व दोन्ही सांध्यांचे कोन समान असल्यास पहिल्या सांध्यात उत्पन्न झालेला फरक दुसऱ्यात नाहीसा होतो. दंडाची लांबी कमीजास्त होऊ देणारा सरकता जोड पुन्हा बसविताना दाते चुकले, तर हे संतुलन बिघडते व सर्व भाग नवे असूनही गाडी थरथरते.

समवेग सांध्यात अशी चढउतार होत नाही. झेपा प्रकारात बाहेरील वाटी व आतील गोलक यांत समोरासमोर वक्र खाचा असतात. खाचांत बहुधा सहा गोळ्या असतात व एक पिंजरा त्यांना धरून ठेवतो. दंड कितीही वळला तरी गोळ्या दोन दंडांमधील कोन दुभागणाऱ्या प्रतलातच राहतात आणि म्हणून दोन्ही दंडांचा वेग सदैव समान राहतो. हा सांधा सुमारे ४५° पर्यंत वळू शकत असल्याने तो चाकाच्या बाजूस वापरतात. दंतचक्र पेटीच्या बाजूस पुष्कळदा त्रिशाखी सांधा असतो. त्यात तीन भुजांवरील तीन रूळ वाटीच्या तीन सरळ खाचांत मागेपुढे सरकतात. तो कमी कोनात चालतो, पण चाक वरखाली होताना दंडाच्या लांबीत पडणारा फरक सामावून घेतो.

गोळ्या, खाचा व क्रूसाची टोके यांवर अतिशय लहान क्षेत्रावर फार मोठा दाब येतो. म्हणून हे भाग पोलादाचे करून त्यांचा पृष्ठभाग उष्णता संस्करणाने कठीण केलेला असतो, तर गाभा चिवट ठेवलेला असतो. कठीण थर पातळ असल्याने तो एकदा उखडला की वितळजोड करून किंवा घासून तो भाग पूर्ववत करता येत नाही. कोल्हापूर परिसर ओतकाम व यंत्रकाम यांसाठी ख्यातनाम असून तेथे कुशल कारागिरांची वाण नाही. तरीही झिजलेला सांधा दुरुस्त न करता बदलावाच लागतो, याचे कारण हेच होय.

झीज व तिची कारणे : समवेग सांध्यात मॉलिब्डिनम डायसल्फाइड मिसळलेले ग्रीज भरतात व त्यावर घड्यांचे रबरी आवरण चढवून दोन्ही टोकांना पट्ट्या आवळतात. कारागीर या आवरणास ‘बूट’ म्हणतात. साधारण ५० सेंमी. व्यासाचे चाक एका किमी. मध्ये सुमारे ६४० फेरे करते, म्हणजे एक लाख किमी. अंतरात आवरणाच्या घड्या सहा कोटींहून अधिक वेळा उघडमीट करतात. ऊन व वयोमान यांमुळे रबर कडक होते व घडीच्या तळाशी बारीक चीर पडते. चाकाबरोबर फिरताना ग्रीज चिरेतून बाहेर फेकले जाते आणि धूळ व पाणी आत शिरते. उरलेले ग्रीज व धूळ यांचे मिश्रण अपघर्षकाचे (घासून झीज करणाऱ्या पदार्थाचे) काम करते [⟶ अपघर्षक]. खाचांत खळगे पडतात, पिंजऱ्याच्या खिडक्या रुंदावतात व गोळ्या सैल होतात.

कोल्हापूर जिल्ह्यातील हुपरी (ता. हातकणंगले) परिसराच्या उदाहरणाने ही प्रक्रिया स्पष्ट करता येईल. चांदीच्या दागिन्यांसाठी, विशेषतः पैंजणांसाठी, प्रसिद्ध असलेले हे ठिकाण उसाच्या पट्ट्यात वसलेले आहे. हुपरी-यळगूड येथे सहकारी साखर कारखाना आहे. चांदीच्या व्यवसायासाठी हिंडणाऱ्या लहान मोटारगाड्या, ‘वडाप’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या प्रवासी जीपगाड्या आणि ऊस वाहणारे ट्रॅक्टर या तीन वाहनांत सांध्याचे सर्व प्रकार पाहावयास मिळतात. पावसाळ्यात शेतरस्त्यांवरील काळ्या मातीचा चिखल आवरणाच्या घड्यांत भरून वाळतो. वाळलेल्या ढेपा, तारेचा तुकडा किंवा काटेरी फांदी यांनी आवरण फाटू शकते. पावसाळ्यात पडलेली चीर बहुधा लगेच लक्षात येत नाही. पुढे गळिताच्या हंगामात रस्ते धुळीने भरले की त्याच चिरेतून धूळ आत जाऊन झिजेचा वेग वाढतो. म्हणून अशा प्रदेशात पावसाळा संपताच आवरणांची तपासणी करणे विशेष हितावह ठरते.

निदान : झिजलेल्या सांध्याचा आवाज व चाकाच्या धारव्याचा, निलंबनाचा (चाके तोलणाऱ्या रचनेचा) किंवा एंजिनाच्या आधारांचा आवाज यांत सहज गल्लत होते व निर्दोष भाग बदलला जातो. आवाज केवढा आहे यापेक्षा तो कोणत्या परिस्थितीत येतो व कोणत्या परिस्थितीत थांबतो, हे पाहणे अधिक उपयुक्त असते.

चाकाकडील समवेग सांधा झिजला असल्यास वळण घेताना, विशेषतः त्याच वेळी वेग वाढविल्यास, ‘कट-कट’ असा ठेकेदार आवाज येतो. चाकाच्या वेगाबरोबर ठेका जलद होतो व गाडी सरळ धावू लागताच आवाज मंदावतो. मोकळ्या जागेत सुकाणूचक्र पूर्ण वळवून गाडी अगदी सावकाश, एकदा पुढे व एकदा मागे, नेल्यास तो स्पष्ट ऐकू येतो. पुष्कळदा वळणाच्या बाहेरील बाजूचा सांधा अधिक वाजतो, परंतु हा नियम निरपवाद नाही. दोन्ही बाजू हाताने तपासूनच निर्णय घ्यावा. पेटीकडील सांधा झिजल्यास सरळ रस्त्यावर वेग वाढविताना गाडी थरथरते व वेगवर्धकावरील पाय काढताच थरथर थांबते. सार्वत्रिक सांधा झिजल्यास गाडी सुटताना किंवा वेगबदल करताना ‘ठक्’ असा एकच आघात ऐकू येतो. धारवा कोरडा पडला असल्यास सावकाश चालताना चिवचिवाटासारखा आवाज येतो.

याउलट चाकाच्या धारव्याचा घुमणारा आवाज गाडीच्या वेगावर अवलंबून असतो व वेगवर्धकावरील पाय काढला तरी चालू राहतो. खड्ड्यावरून जाताना होणारी खडखड निलंबनाच्या सैल सांध्यांकडे निर्देश करते. चाक असंतुलित असल्यास ठराविक वेगमर्यादेतच सुकाणूचक्र थरथरते. एंजिनाचे रबरी आधार खचले असल्यासही गाडी सुटताना आघात ऐकू येतो, पण त्या वेळी एंजिन डोलताना दिसते.

यानंतर गाडी उभी करून प्रत्यक्ष तपासणी करतात. चाकाच्या आतील कडेवर व स्प्रिंगेवर वर्तुळाकार उडालेले ग्रीज हे आवरण फाटल्याचे सर्वांत खात्रीचे चिन्ह होय. आवरणाच्या घड्या बोटांनी उलगडून पाहाव्यात, कारण चीर घडीच्या तळाशी लपलेली असते. चाक स्थिर धरून दंड दोन्ही दिशांना पिळून पाहिल्यास झिजलेल्या सांध्यात हाताला ढिलेपणा जाणवतो. पेटीकडील सांधा लांबीच्या दिशेने सरकणे हे मात्र त्याचे स्वाभाविक कार्य असून तो दोष नव्हे. सार्वत्रिक सांध्यात टोपीभोवती दिसणारी तांबूस गंजाची पूड ही धारव्यातील वंगण संपल्याची खूण आहे.

तपासणीनंतर दोन शक्यता उरतात. आवरण फाटलेले आहे, पण आवाज नाही व ग्रीजमध्ये कच लागत नाही, अशा वेळी सांधा धुऊन, नवे ग्रीज भरून केवळ आवरण बदलणे पुरेसे असते. आवाज सुरू झाला असल्यास नव्या ग्रीजने तो काही काळ दबतो, पण दोष जात नाही; अशा वेळी सांधा बदलणे हाच उपाय होय.

बदलण्याची पद्धत : पुढील चाके चालविणाऱ्या गाडीत चाकाच्या मध्यभागी असलेला तुंब्याचा मोठा नट प्रथम ढिला करतात. गाडी जमिनीवर असताना व ब्रेक दाबलेला असतानाच हे काम करावे. उचललेल्या गाडीवर एवढा जोर लावणे धोक्याचे असते. नंतर मागील चाकांना ठोकळे लावून गाडी उचलतात व ती भक्कम लोखंडी टेकूंवर ठेवतात. केवळ जॅकच्या आधारावर असलेल्या गाडीखाली कोणीही, क्षणभरही, जाऊ नये.

चाक काढल्यावर निलंबनाचा खालचा सांधा सोडवून तुंबा बाहेरच्या बाजूस ओढला असता दंडाचे टोक मोकळे होते. टोकावर हातोड्याने सरळ प्रहार केल्यास आटे बिघडतात, म्हणून नट टोकाबरोबर ठेवून लाकडाच्या किंवा मऊ धातूच्या ठोकळ्यावरून ठोकतात. दंड पेटीतून काढण्यापूर्वी, आवश्यक त्या गाड्यांत, पेटीतील तेल काढून घेतात. दंड एका टोकावर लोंबकळत ठेवू नये. त्यामुळे दुसऱ्या टोकाचा चांगला सांधाही निखळू शकतो.

दंड शेगड्यात मऊ धातूच्या पट्ट्यांमध्ये धरून जुने आवरण कापून काढतात. पुष्कळ रचनांत सांधा दंडाच्या खाचेतील एका तुटक्या कड्याने अडकलेला असतो व मऊ हातोड्याच्या ठोक्याने तो सुटतो. काही रचनांत हे कडे चिमट्याने फाकवावे लागते. नवा सांधा बसविण्यापूर्वी पट्टी व नवे आवरण दंडावर चढविणे आवश्यक असते, कारण सांधा बसल्यावर ते त्या बाजूने चढविता येत नाही. दंडावर नवे कडे बसवून सांधा आत ठोकतात व तो अडकल्याची खात्री दंड ओढून करून घेतात. सांध्याबरोबर दिलेले ग्रीज पूर्ण मोजमापाने, मुख्यतः गोळ्यांच्या खाचांत, भरतात. आवरणात कोंडलेली हवा काढून, घड्यांना पीळ पडलेला नाही हे पाहून पट्ट्या आवळतात. जुन्या सांध्याच्या गोळ्या व पिंजरा नव्या वाटीत घालू नयेत. हे भाग परस्परांशी जुळवून तयार केलेले असतात. चाकाचा वेग मोजणारे दातेरी कडे सांध्यावर असलेल्या गाडीत नव्या सांध्यावरील दात्यांची संख्या जुन्याइतकीच आहे, याची खात्री करावी.

पुन्हा जोडणी करताना तुंब्याचा नट नवा वापरणे श्रेयस्कर असते. गाडी जमिनीवर उतरविल्यावर तो टॉर्क पान्याने निर्मात्याने सांगितलेल्या परिबलाने आवळतात व त्याचे कुलूप, म्हणजे खीळ किंवा दाबलेली कड, पक्के करतात. पुष्कळ लहान गाड्यांत हे परिबल १५० ते ३०० न्यूटन-मीटर असते. यांपैकी २०० न्यूटन-मीटर म्हणजे अर्ध्या मीटर लांबीच्या दांड्याच्या टोकावर सुमारे ४० किग्रॅ. वजनाचा भार होय. नट ढिला राहिल्यास चाकाचा धारवा लवकर खराब होतो व अतिरिक्त आवळल्यास आटे तुटण्याचा संभव असतो. म्हणून अंदाजावर विसंबू नये. शेवटी पेटीतील तेलाची पातळी पूर्ववत करतात.

मागील चाके चालविणाऱ्या गाडीचा चालक दंड काढण्यापूर्वी चाकांना ठोकळे लावणे अत्यावश्यक असते. दंड काढल्यावर गाडी गिअरमध्ये ठेवूनही ती जागेवर थांबत नाही. जोडाच्या दोन्ही भागांवर खुणा करून ठेवतात, जेणेकरून पूर्वीचीच जुळणी साधता येईल. टोप्यांची अडकण कडी काढून, शेगड्याच्या दाबाने एक टोपी बाहेर सरकवून क्रूस मोकळा करतात. नव्या टोप्या बसविताना एखादा सुईरूळ आडवा पडल्यास टोपी पूर्ण आत जात नाही. अशा वेळी जोर न लावता टोपी काढून रूळ सरळ करावा. काम पूर्ण झाल्यावर क्रूस सर्व दिशांना हाताने, अडखळल्याविना हलला पाहिजे.

दुर्लक्षाचे परिणाम : वाजणारा सांधा बराच काळ चालत राहतो व त्यामुळे मालक निश्चिंत राहतो. परंतु पिंजरा फुटून गोळ्या निसटल्यास त्या बाजूचा दंड मोकळा फिरू लागतो. दोन चाकांत शक्तीची विभागणी करणाऱ्या दंतचक्रमालेच्या स्वभावामुळे सर्व गती त्या मोकळ्या बाजूस जाते, दुसऱ्या चाकालाही शक्ती मिळत नाही आणि गाडी जागीच थांबते. घाटात असे घडल्यास गाडी केवळ हातब्रेकवर उभी राहते, कारण गिअरचा आधारही नाहीसा झालेला असतो. लांब चालक दंडाचा पुढचा सांधा तुटल्यास दंड रस्त्यावर पडून ब्रेकच्या नळ्यांना व गाडीच्या तळाला इजा करू शकतो. म्हणून काही वाहनांत दंडाखाली संरक्षक कडे बसवितात.

ट्रॅक्टरच्या मागील बाजूने मळणीच्या यंत्रास शक्ती देणाऱ्या दंडातही सार्वत्रिक सांधेच असतात. त्याचा प्रमाणित वेग मिनिटाला ५४० फेरे, म्हणजे सेकंदाला ९ फेरे इतका असतो. उघड्या सांध्यात साडीचा पदर, धोतराचा सोगा किंवा उपरणे अडकल्यास हात आखडून घेण्याइतकाही अवधी मिळत नाही. यासाठी या दंडावरील संरक्षक नळी कधीही काढून ठेवू नये व यंत्र पूर्ण थांबल्याखेरीज सांध्यास ग्रीज देऊ नये.

निगा : समवेग सांध्याची निगा म्हणजे मुख्यतः त्याच्या आवरणाची निगा होय. तेल बदलण्याच्या प्रत्येक वेळी चारही आवरणे व त्यांच्या पट्ट्या पाहाव्यात, घड्यांत वाळलेला चिखल पाण्याने धुवावा व त्यांवर खनिज तेल सांडू देऊ नये. ग्रीज भरण्याची सोय असलेल्या सार्वत्रिक सांध्यात, चारही टोप्यांतून ताजे ग्रीज डोकावेपर्यंत, ठराविक अंतरानंतर ग्रीज भरावे. पाण्यातून वाहन गेल्यास ते लवकर भरणे इष्ट असते. आवरणाची किंमत पूर्ण सांध्याच्या मानाने अल्प असते; त्यामुळे चीर वेळीच ध्यानात आल्यास थोड्या खर्चात सांधा वाचतो आणि प्रवासातील अपघाताची एक शक्यता टळते.